एका गाण्याचा सातबारा : शाळा, स्नेहसंमेलन आणि कॉपीराइट



डिसेंबर लागला की शाळाशाळांत एकच धांदल. कुठल्या वर्गाला कुठलं गाणं, ट्रॅक कोणाच्या पेनड्राइव्हवर आहे, साउंडवाल्याला किती वाजता बोलवायचं. कार्यक्रम झकास होतो, रात्री व्हिडिओ यूट्यूबवर चढतो आणि सकाळी पालकांचे मेसेज सुरू होतात, "सर, नाच दिसतोय पण आवाज येत नाही." कुणी म्हणतं, कॉपीराइट लागला. कुणी म्हणतं, तीस सेकंदांपेक्षा कमी गाणं वापरलं की चालतं. कुणी म्हणतं, खाली गायकाचं नाव टाकलं की झालं. यातलं पहिलं बरोबर आहे. बाकीची दोन्ही विधानं कायद्यात कुठेच नाहीत.

हा विषय अवघड वाटतो, कारण आपण गाणं ही एकच वस्तू समजतो. ती एक नाही.

आपल्या मुळशीकरांना हे समजावायला सातबारा पुरेसा आहे. घोटावड्यात काय, पिरंगुटला काय, जमिनीचे भाव वाढले तसा सातबारा वाचायला घरोघरी सगळे शिकले. गट एकच असतो, पण त्यावर नावं चार. एकाने सही दिली म्हणून सगळ्या गटाचा व्यवहार होत नाही. गाण्याचंही तसंच आहे. शब्द ही एक मालमत्ता, चाल दुसरी, त्या शब्द-चालीचं ध्वनिमुद्रण तिसरी आणि गाणाऱ्या-वाजवणाऱ्याचा हक्क चौथा. आपला कॉपीराइट कायदा १९५७ चा. त्यात शब्द 'साहित्यकृती'त मोडतात, चाल 'संगीतकृती'त आणि रेकॉर्ड 'ध्वनिमुद्रणा'त. संगीतकृतीच्या व्याख्येत तर स्पष्टच म्हटलंय की तिच्यात गाण्याचे शब्द येत नाहीत.

'नाच रे मोरा' कोणाचं?

पहिलीच्या मुलांना हमखास बसवलं जाणारं हे गाणं. चित्रपट 'देवबाप्पा', साल १९५३. शब्द ग. दि. माडगूळकरांचे, संगीत पु. ल. देशपांडे यांचं, आवाज आशा भोसले यांचा. आता मुदतीचा हिशेब करू.

शब्द आणि चाल यांचा हक्क रचनाकाराच्या हयातीत असतो आणि त्याच्या मृत्यूनंतर ६० वर्षं. ही ६० वर्षं मृत्यूच्या पुढच्या १ जानेवारीपासून मोजतात. गदिमा १९७७ च्या डिसेंबरात गेले, म्हणजे शब्दांचा हक्क २०३७ संपेपर्यंत. पुलं २००० साली गेले, म्हणजे चालीचा हक्क २०६० संपेपर्यंत. ध्वनिमुद्रणाला मात्र माणसाचं आयुष्य लागू नाही. ते प्रसिद्ध झाल्यापासून ६० वर्षं. १९५३ चं मुद्रण, तेव्हा त्याची मुदत २०१३ अखेर संपली.

म्हणजे गंमत बघा. सगळ्यांना वाटतं, जुनी रेकॉर्ड कंपनीची आहे आणि गाणं तर सगळ्यांचंच आहे. वास्तवात त्या जुन्या मुद्रणाची मुदत सरली आहे आणि गाणं अजून हक्कात आहे. गाणं जुनं आहे म्हणून मोकळं आहे, असं म्हणण्याआधी 'यातलं काय जुनं?' असं विचारायला हवं.

मुदत आणि मालकी या दोन गोष्टीही वेगळ्या ठेवा. मुदत कवीच्या आयुष्यावरून ठरते, पण त्या मुदतीत मालक कवीच असेल असं नाही. त्याने हक्क विकलेला असू शकतो किंवा चित्रपटासाठी लिहिलं असेल तर तो निर्मात्याकडे गेलेला असू शकतो. हक्क विकणं म्हणजे खरेदीखत, परवाना देणं म्हणजे भाडेकरार. भाडेकरू घर वापरतो, मालक होत नाही.

शाळेत गायली जाणारी गाणी

हाच हिशेब आपल्या परिपाठाला लावून पाहू. 'खरा तो एकचि धर्म' साने गुरुजींचं. गुरुजी ११ जून १९५० रोजी गेले. त्यांचे शब्द १ जानेवारी २०११ पासून सगळ्यांचे झाले. 'जन गण मन'चे रवींद्रनाथ १९४१ साली गेले. तेव्हाच्या नियमाप्रमाणे त्यांच्या साहित्याची मुदत मृत्यूनंतर ५० वर्षं, म्हणजे १९९१ मध्ये संपणार होती. त्याच सुमारास, मुख्यतः त्यांच्याच साहित्यासाठी, मुदत ५० ची ६० झाली आणि ती सर्वांना लागू झाली. राष्ट्रसंत तुकडोजी महाराज १९६८ साली गेले, त्यांची भजनं २०२८ अखेरपर्यंत हक्कात आहेत. आपल्या तालुक्याशी नाव जोडलेले सेनापती बापट कविताही लिहायचे. मुळशी सत्याग्रहाच्या निमित्ताने त्यांची एखादी कविता मुलांकडून बसवून घेतली, तर लक्षात ठेवा की ते नोव्हेंबर १९६७ मध्ये गेले आणि त्यांचं लेखन १ जानेवारी २०२८ ला मोकळं होईल.

बहिणाबाईंचं उदाहरण मुद्दाम घेतो, कारण तिथे हिशेब बदलतो. त्या १९५१ साली गेल्या, पण त्यांची गाणी पुस्तकरूपाने आली ती १९५२ मध्ये. मृत्यूनंतर पहिल्यांदा छापलेल्या लेखनाची ६० वर्षं छापल्याच्या सालापासून धरतात. त्यामुळे २०१२ नव्हे, १ जानेवारी २०१३.

तुकोबांच्या अभंगांबद्दल मात्र बऱ्याच जणांचा गोंधळ होतो. "अभंगाला कसला आलाय कॉपीराइट?" बरोबर, तुकोबांच्या शब्दांना नाही. पण 'अभंग तुकयाचे'मधला अभंग लता मंगेशकरांनी गायला त्या चालीवर तुम्ही म्हणता, तेव्हा ती चाल श्रीनिवास खळ्यांची असते. खळेकाका २०११ साली गेले, चालीचा हक्क २०७१ पर्यंत. शब्द साडेतीनशे वर्षांपूर्वीचे आणि चाल आपल्या नातवंडांच्या काळापर्यंत राखीव. गावच्या भजनी मंडळात पिढ्यान् पिढ्या चालत आलेल्या चालीवर तोच अभंग म्हटला तर त्यात कुणाचा हिस्सा नाही. म्हणून मी संगीताच्या शिक्षकांना नेहमी सांगतो, शेजारच्या भजनी बुवांना शाळेत बोलवा. कायद्याचं सोडा, मुलांना एक जुनी चाल तरी मिळेल.

नाट्यसंगीतात उलट सोय आहे. 'संगीत स्वयंवर' १९१६ चं. पदं खाडिलकरांची, ते १९४८ साली गेले. चाली भास्करबुवा बखल्यांच्या, ते १९२२ साली गेले. दोन्ही मोकळं. पेटी-तबल्यावर मुलीने त्यातलं पद गायलं, तर ते सादरीकरण तिचं स्वतःचं. पण एखाद्या नामवंत गायकाची अलीकडची सीडी लावली, तर त्या मुद्रणाचा मालक आहेच.

मग शाळेत गाणी लावायचीच नाहीत का?

लावा की! इथे कायदा शाळेच्या बाजूने आहे आणि हे फार कमी जणांना ठाऊक असतं. कलम ५२ मध्ये कोणत्या गोष्टी उल्लंघन ठरत नाहीत याची लांबलचक यादी आहे. त्यात शिक्षणसंस्थेसाठी स्वतंत्र तरतूद आहे. शाळेच्या उपक्रमाचा भाग म्हणून शिक्षक आणि विद्यार्थ्यांनी गाणं, नाटक, संगीत सादर केलं तर परवानगी लागत नाही, पैसे लागत नाहीत. रेकॉर्ड वाजवायची असेल किंवा चित्रपट दाखवायचा असेल, तर प्रेक्षकांवर मर्यादा येते : शिक्षक, विद्यार्थी, त्यांचे आई-वडील किंवा पालक आणि शाळेच्या कामाशी संबंधित व्यक्ती.

आता खेड्यातली अडचण. शहरात स्नेहसंमेलनाला पास लागतो. आपल्याकडे अख्खा गाव येतो, शेजारच्या वाडीतलेही येतात, आणि यायलाच हवेत. शाळा व्यवस्थापन समिती, सरपंच, देणगीदार हे शाळेशी संबंधित म्हणता येतील, पण सगळा गाव? कायद्याचे शब्द तेवढे ताणता येत नाहीत. माझं मत असं की मुलं आणि शिक्षक स्वतः गात-वाजवत असतील तर निश्चिंत राहा, कारण प्रेक्षकांची ती मर्यादा रेकॉर्ड आणि चित्रपटापुरती लिहिली आहे. मुलांच्या तोंडून, आपल्याच पेटीवर झालेला कार्यक्रम कायद्याच्या दृष्टीनेही भक्कम असतो. बाहेरचा ऑर्केस्ट्रा आणला किंवा तिकीट लावलं, तर मात्र या सवलतीच्या भरवशावर राहू नका.

राज्यगीताचंच बघा. 'जय जय महाराष्ट्र माझा' १९ फेब्रुवारी २०२३ पासून राज्यगीत झालं. राजा बढे १९७७ साली गेले, खळेकाका २०११ साली, म्हणजे शब्द आणि चाल दोन्ही अजून मुदतीत आहेत. तरी रोज हजारो शाळा ते म्हणतात आणि कुणाचंही उल्लंघन होत नाही. हक्क आहे, आणि शाळेला सवलतही आहे. दोन्ही एकाच वेळी खरं.

वर्गात शिकवताना शिक्षकाने किंवा विद्यार्थ्याने एखाद्या कृतीची प्रत करणं, यालाही अशीच सूट आहे. कवितेचे शब्द फळ्यावर लिहिले म्हणून कुणी दारात येणार नाही.

सवलत शाळेच्या फाटकापर्यंत

व्हिडिओ इंटरनेटवर गेला की प्रेक्षक 'विद्यार्थी आणि पालक' उरत नाहीत, सगळं जग होतं. शिवाय आता तुम्ही गाणं नुसतं वाजवत नाही, ते चित्राला जोडता. या व्यवसायात त्याला सिंक म्हणतात आणि त्याचा परवाना वेगळा असतो : शब्द-चालीच्या मालकाकडून एक, मुद्रणाच्या मालकाकडून दुसरा. कॅराओके ट्रॅक हेही कुणाचं तरी मुद्रणच, हे विसरू नका.

यूट्यूबवर हे ओळखायला कॉन्टेंट आयडी नावाची यंत्रणा आहे. कंपन्या आपल्या गाण्यांचे नमुने तिथे देऊन ठेवतात, आणि चढणारा प्रत्येक व्हिडिओ त्यांच्याशी ताडून पाहिला जातो. जुळलं की 'क्लेम' येतो. मग मालक ठरवेल ते : व्हिडिओ अडवायचा, त्यावरच्या जाहिरातीचं उत्पन्न घ्यायचं किंवा नुसती नोंद ठेवायची. क्लेम आला म्हणून घाबरून चॅनेल बंद करू नका, ती शिक्षा नसते. 'स्ट्राइक' ही वेगळी गोष्ट. मालकाने रीतसर तक्रार करून व्हिडिओ काढायला लावला की स्ट्राइक पडतो आणि ९० दिवसांत तीन पडले तर चॅनेल जाऊ शकतं.

यंत्राला आवाज जुळवता येतो, कलम ५२ वाचता येत नाही. त्यामुळे मोकळ्या झालेल्या जुन्या मुद्रणावरही क्लेम येऊ शकतो. तेव्हा मृत्यूचं साल, प्रकाशनाचं साल लिहून शांतपणे हरकत नोंदवायची. त्याची सोय तिथेच असते.

सोपा मार्ग विचाराल तर, पालकांसाठीचा पूर्ण व्हिडिओ पेनड्राइव्हवर द्या आणि इंटरनेटवर तेवढाच भाग टाका ज्यात शब्द मोकळे आहेत, चाल आपली किंवा परंपरेची आहे आणि वाजवणारे आपलेच आहेत. पार्श्वसंगीत हवं असेल तर यूट्यूबच्याच ऑडिओ लायब्ररीत मोफत वापराचे तुकडे मिळतात. फक्त प्रत्येकाची अट वाचा, काहींत श्रेय देणं बंधनकारक असतं. आणि मुलांचे चेहरे दिसणार आहेत, तेव्हा पालकांची परवानगी. हा कॉपीराइटचा मुद्दा नाही, पण विषय निघालाच आहे.

लॉनवरचं लग्न

हा प्रश्न पालकांचा. पौड रस्त्याने जाताना लॉन्स आणि मंगल कार्यालयं दिसतात, आणि तिथे "गाणी लावायला लायसन्स काढलंय का?" अशी विचारणा होते. कलम ५२ मध्येच खऱ्याखुऱ्या धार्मिक विधीत वाजणाऱ्या संगीताला सूट आहे आणि स्पष्टीकरणात लग्नाची वरात व लग्नाशी जोडलेले इतर सामाजिक समारंभही धरले आहेत. केंद्र सरकारने जुलै २०२३ मध्ये हेच पुन्हा कळवलं. मग जानेवारी २०२४ मध्ये गोवा सरकारने त्यावर परिपत्रक काढलं, ध्वनिमुद्रण कंपन्यांची बाजू न्यायालयात गेली आणि ऑगस्ट २०२४ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या गोवा खंडपीठाने ते परिपत्रक रद्द केलं. लग्नाची सूट गेली असा याचा अर्थ नाही, ती कायद्यात आहे तेवढी आहेच. परिपत्रक काढून सरकारला ती वाढवता येत नाही, एवढंच. नुसता डीजे लावून केलेली पार्टी 'लग्नाशी जोडलेली' आहे की नाही, यावर वाद होतच राहणार.

पैसे जातात कुठे?

शाळेबाहेर, म्हणजे हॉटेलात, दुकानात, जाहीर कार्यक्रमात गाणं वाजलं की परवाना लागतो. गीतकार-संगीतकारांच्या वतीने तो इंडियन परफॉर्मिंग राइट सोसायटी, म्हणजे आयपीआरएस देते. ती १९६९ सालची. मुद्रणांसाठी फोनोग्राफिक परफॉर्मन्स लिमिटेडसारख्या कंपन्या आहेत. दोन वेगळे मालक म्हणून दोन वेगळी बिलं. दुकानदार चिडतात ते इथे.

हे पैसे कवीपर्यंत पोहोचत नव्हते, हे मात्र खरं दुखणं. १९७७ साली सर्वोच्च न्यायालयाने निकाल दिला की वेगळा करार नसेल, तर चित्रपटासाठी करून घेतलेल्या गाण्याचा पहिला मालक निर्माता. त्यानंतरची पस्तीस वर्षं गीतकार-संगीतकारांची बाजू लंगडीच राहिली. २०१२ मध्ये कायदा बदलला. जावेद अख्तर तेव्हा राज्यसभेत होते आणि त्यांनी हा प्रश्न लावून धरला होता. आता चित्रपटगृहाबाहेर गाणं वाजलं की त्यातला बरोबरीचा वाटा गीतकार आणि संगीतकाराचा, आणि हा वाटा त्याला विकताच येत नाही, कागदावर सही केली तरी. गायकांसाठी लताबाईंनी साठच्या दशकातच रॉयल्टी मागितली होती. त्यावरून महंमद रफींशी मतभेद झाले आणि काही वर्षं दोघांनी एकत्र गाणं थांबवलं होतं. गायक-वादकांचा हक्क कायद्यात आला तो १९९४ च्या दुरुस्तीने.

आपल्या आजीची ओवी

आतापर्यंत आपण वापरणारे होतो. आता बाजू बदलू, कारण मुळशीत संगीताचे धनीही आहेत.

हेमा राईरकर आणि गी पॉयटवँ या अभ्यासकांनी जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. सुरुवातीच्या कामात आपला मुळशी तालुका ठळकपणे आहे. पुढे हा संग्रह एक लाखाच्या वर गेला आणि आता तो 'पारी' या ग्रामीण भारताच्या संग्रहात लोकांसमोर येतो. तिथली एक पद्धत मला फार मोलाची वाटते. ओवीबरोबर गाणाऱ्या बाईचं नाव, गाव, तालुका दिलेला असतो. 'पारंपरिक' असं लिहून हात झटकलेले नाहीत.

कारण 'पारंपरिक' या शब्दाआड बरंच लपतं. लोकगीतांसाठी आपल्याकडे वेगळा कायदा नाही. जी ओवी कुणी रचली हे सांगताच येत नाही, तिचे शब्द सगळ्यांचे. पण ओव्या गाणाऱ्या बाया जुन्या ओवीत स्वतःची भर घालतात, स्वतःच्या लेकीवर, धरणात गेलेल्या शेतावर नवी रचतात. ती रचना त्या बाईची. नोंदणी केलेली नाही म्हणून हक्क जात नाही. कॉपीराइट रचनेबरोबरच जन्मतो, नोंदणी हा फक्त पुरावा.

आणि शाळेच्या प्रकल्पासाठी आपण मोबाइल पुढे धरून आजीला गायला लावतो तेव्हा? कायद्याच्या नजरेत मुद्रणाचा निर्माता तो, ज्याने ते करायचा पुढाकार आणि जबाबदारी घेतली. म्हणजे रेकॉर्डिंगचे मालक आपण, गुरुजी. आजी मालक नाही! तिच्याकडे उरतो तो कलाकाराचा हक्क : तिच्या परवानगीशिवाय तिचं गाणं मुद्रित करता येत नाही, तो हक्क ५० वर्षं टिकतो आणि २०१२ पासून आपलं नाव दिलं जावं असा दावाही तिला करता येतो. मोबाइल ज्याच्या हातात त्याची मालकी, हे कायद्याला धरून असलं तरी मला पटत नाही. म्हणून असा प्रकल्प करताना एका कागदावर लिहून घ्यावं : गाणारीचं पूर्ण नाव, गाव, तारीख, ओवी आईकडून आली की स्वतः रचली, रेकॉर्डिंग फक्त शाळेत ऐकवायचं की इंटरनेटवरही टाकायचं, आणि कुणी पैसे देऊन मागितलं तर त्यातलं तिला किती. वाचून दाखवायचं, मग सही किंवा अंगठा. एक प्रत तिच्याकडे.

गावातल्या शाहिरांनी, भजनाच्या चाली बांधणाऱ्यांनीही एक लक्षात ठेवावं. कुणी हक्क लिहून मागितला तर तो लेखी, सहीनिशी लागतो. किती वर्षांसाठी ते लिहिलं नसेल, तर कायदा पाच वर्षं धरतो. कुठल्या प्रदेशासाठी ते लिहिलं नसेल, तर भारतापुरता धरतो. 'कायमस्वरूपी' आणि 'संपूर्ण जगासाठी' असे शब्द छापील करारात बारीक अक्षरात असतात. मुलाला किंवा सुनेला ते मोठ्याने वाचायला सांगा.